कुंग फू 'चिनी', मग दिग्दर्शक कोरियन कसा?

कुंग फूचा सिनेमा म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर एकच माणूस येतो, ब्रूस ली. पण त्याचा 'एंटर द ड्रॅगन' अमेरिकेत लागला ऑगस्ट १९७३ मध्ये. त्याच्या काही महिने आधी, मार्चमध्ये, 'फाइव्ह फिंगर्स ऑफ डेथ' नावाचा हाँगकाँगचा सिनेमा तिथे लागला आणि तिकीटबारीवर गाजला होता. अमेरिकेतली कुंग फूची लाट उठली ती इथून.

हा सिनेमा काढला कोणी? जोंग चांग-ह्वा या कोरियन माणसाने. १९५३ पासून कोरियात सिनेमे करणारा हा दिग्दर्शक साठच्या दशकाच्या अखेरीस हाँगकाँगच्या शॉ ब्रदर्सकडे गेला. तिथे पडद्यावर त्याचं नाव चिनी उच्चारात आलं, चेंग चांग-हो. झालं! जगाच्या लेखी तो चिनीच.

आता या 'अस्सल चिनी' सिनेमाची फोड करून बघा. दिग्दर्शक कोरियन. हिरो लो लिए, जन्म इंडोनेशियातला. स्टुडिओ हाँगकाँगचा. मारामारीच्या वेळी वाजणारा तो प्रसिद्ध भोंगा अमेरिकन क्विन्सी जोन्सच्या एका टीव्ही मालिकेच्या संगीतातून उचललेला. टॅरेंटिनोने पुढे 'किल बिल'मध्ये तोच भोंगा वाजवला आणि जगभर टाळ्या घेतल्या. जोंगचं नाव मात्र किती जणांना ठाऊक आहे?

माझं म्हणणं एवढंच आहे की 'ही आमची शुद्ध संस्कृती, यात बाहेरच्याचा हात नाही' असं कोणी छाती ठोकून सांगायला लागलं की आधी श्रेयनामावली तपासावी. बहुतेक वेळा त्यात एखादा परका माणूस सापडतो. त्याचं नाव आपल्या सोयीने बदललेलं असतं, इतकंच.

आणि हो, दोष फक्त हाँगकाँगचा नाही. सत्तरच्या दशकात जोंग मायदेशी परतला, तेव्हा कोरियात लष्करी राजवट होती आणि सेन्सॉरची कात्री जोरात चालत होती. परदेशात लाट उठवणाऱ्याला स्वतःच्या देशातही मोकळं रान मिळालं नाही. त्याच्या हाताखाली शिकलेल्या इम क्वोन-तेकला २००२ साली कान महोत्सवात दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला. गुरूची आठवण बुसान महोत्सवाला झाली २००३ मध्ये, तेव्हा कुठे त्याचे सिनेमे एकत्र दाखवले गेले.

पण कोरियाने एक गोष्ट शहाणपणाची केली. तिथल्या सरकारी फिल्म संग्रहालयाने कितीतरी जुने सिनेमे नीट करून सबटायटलसकट यूट्यूबवर फुकट ठेवलेत. संस्कृतीचा अभिमान म्हणतात तो हा. नुसत्या घोषणा द्यायला काही लागत नाही हो, रिळं जपायला मात्र पैसा लागतो, माणसं लागतात आणि ज्याचं श्रेय त्याला द्यायची दानत लागते.

सवड काढून 'फाइव्ह फिंगर्स ऑफ डेथ' जरूर बघा. 'किंग बॉक्सर' या नावानेही सापडेल. आणि सुरुवातीची नावं पुढे ढकलू नका.