सही तिची, कपाट मात्र त्याचे?

“कर्ज घेतले तर फेडायला नको का?” जप्तीविरुद्ध बोलायला उभे राहिले की हा प्रश्न हमखास येतो. फेडायलाच हवे! आमचा प्रश्न वेगळा आहे. कर्ज घेतले कोणी, खर्चले कोणी आणि उचलून नेतात ती वस्तू कोणाची?

आपल्या कोल्हापूर जिल्ह्यात गावोगाव पतसंस्था आणि सेवा सोसायट्या आहेत. नवऱ्याच्या कर्जाला बायको जामीन राहणे इथे कोणाला खटकत नाही. फुली मारलेल्या जागी ती सही करते, नाहीतर अंगठा उठवते. कागद तिला कोण वाचून दाखवतो? पण १८७२ च्या करार कायद्यातील कलम १२८ सांगते की, करारात वेगळे ठरले नसेल तर जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते. म्हणजे पैसा त्याने उडवला, तरी तिच्या नावावरच्या ठेवीवर टाच येऊ शकते.

जिने सही केलेलीच नाही, तिची तरी सुटका होते का? माहेरहून आलेले कपाट, तिच्या शिवणकामाच्या पैशातून घेतलेला टीव्ही, सगळे पंचनाम्यात ‘कर्जदाराचे सामान’ होते. कारण पावत्या नवऱ्याच्या नावाच्या! सही घेताना बाई स्वतंत्र व्यक्ती असते, कपाट उचलताना मात्र ती नवऱ्याच्या घरातली होते.

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ६० नुसार आवश्यक कपडे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण आणि कारागिराची हत्यारे जप्त करता येत नाहीत. धार्मिक रूढीनुसार बाईला अंगावेगळे करता येत नाहीत असे दागिनेही नाहीत. म्हणजे मंगळसूत्र वाचते ते सौभाग्याचे लेणे म्हणून, तिच्या मालकीचे म्हणून नव्हे. मग पाटल्यांचे काय? विधवेच्या दागिन्यांचे काय? आम्हाला ही दया नको, मालकी मान्य करा!

स्त्रीधनावर पत्नीचीच पूर्ण मालकी आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्ये प्रतिभा राणी खटल्यात सांगितले. तरी ते नवऱ्याच्या कर्जात जाते, कारण वेळेवर हरकत घेतली जात नाही. न्यायालयाच्या जप्तीत आदेश २१, नियम ५८ खाली ही हरकत घेता येते, पण लिलाव होण्याआधी. सहकारी संस्थेच्या जप्तीत ती वसुली अधिकाऱ्याकडे घ्यावी. आणि “पैसे भरा, नाहीतर तुरुंगात घालू” अशी धमकी आली तर कलम ५६ दाखवा. पैशाच्या हुकूमनाम्यासाठी स्त्रीला अटक करता येत नाही.

मैत्रिणींनो, जप्तीचे हत्यार आपणही उचलले पाहिजे. प्रतिवादी हुकूमनामा बुडवण्यासाठी मालमत्ता विकायला निघाला असेल, तर आदेश ३८, नियम ५ खाली न्यायालय निकालापूर्वीच त्याच्याकडून तारण मागू शकते. ते दिले नाही तर मालमत्ता जप्त करू शकते. बँकांच्या वकिलांना हे पाठ असते. पोटगीचा दावा लागताच जमीन भावाच्या नावे करू पाहणाऱ्या नवऱ्याविरुद्ध मात्र हा अर्ज आपल्यातल्या किती जणी करतात?

म्हणून प्रत्येक गटाने तीन कामे हाती घ्यावीत. वाचून घेतल्याशिवाय जामिनाची सही नाही, हे ठरवावे. घरातल्या वस्तूंच्या पावत्या बायकांच्या नावे करून घ्याव्यात. जप्तीच्या वेळी पंचनामा होताना तिथे हजर राहावे.

बँकेचे हप्ते थकले तर ती थकबाकी. मग बाईची पोटगी थकली, तर ती काय?