दिवस कोणी मोजायचे?

1852 साली लंडनच्या चॅन्सरी न्यायालयापुढे एक वरकरणी किरकोळ तंटा आला. योहाना वाग्नर या जर्मन गायिकेने (संगीतकार रिचर्ड वाग्नरची ही पुतणी) बेंजामिन लमली यांच्या नाट्यगृहात तीन महिने गाण्याचा आणि त्या मुदतीत अन्यत्र न गाण्याचा करार केला होता; पुढे कोव्हेंट गार्डनच्या फ्रेडरिक गाय यांनी अधिक रक्कम देऊ केली आणि ती तिकडे वळली. निवाडा चतुर होता. कायदा कोणाला गायला लावू शकत नाही, पण दुसरीकडे गाण्याला मज्जाव मात्र करू शकतो. हा दाखला इतका रुजला की आपल्याकडच्या 1877 च्या ‘स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट’मध्येही बारा महिने एकाच नाट्यगृहात गाण्याचे कबूल करणाऱ्या गायकाचे उदाहरण थेट कलमाखालीच छापले गेले. त्यानंतर तीनच वर्षांनी नटी सारा बर्नहार्टने ‘कॉमेदी फ्रान्सेज’ ही नाट्यसंस्था सोडली, तेव्हा पॅरिसच्या न्यायालयाने तिच्यावर एक लाख फ्रँकचा भुर्दंड बसवला. कलावंताचा आवाज कोणाच्या मालकीचा होत नाही, हे तत्त्व युरोपाने मान्य केले होते. त्याचे मौन मात्र विकत घेता येत होते, आणि त्या मौनाची मुदत किती असावी याकडे फारसे कोणी पाहत नव्हते.

कॅलिफोर्नियाने ते पाहिले होते, ही गोष्ट नंतरच्यांच्या स्मरणात राहिली नाही. त्या राज्याच्या 1872 च्या दिवाणी संहितेने व्यक्तिगत सेवेचा करार दोन वर्षांपलीकडे कोणावर लादता येणार नाही असे ठरवले. ही मर्यादा वाढत वाढत 1931 मध्ये सात वर्षांवर गेली. नेमक्या त्याच काळात हॉलिवूडच्या स्टुडिओंनी सात वर्षांच्या कराराची एक सुबक यंत्रणा उभी केली होती. ही सात वर्षे नटीला बांधत, स्टुडिओला नव्हे. ठरावीक मुदतीनंतर तिला ठेवायचे की काढायचे, हा पर्याय एकट्या मालकाचा असे. तिने भूमिका नाकारली की तिचे निलंबन होई, पगार थांबे, आणि निलंबनाचे दिवस कराराच्या शेपटीला जोडले जात. म्हणजे नकार देणारीची शिक्षा तिच्या नकारानेच लांबे. वेठबिगारीच्या इतिहासात कर्ज आणि व्याज यांनी जे काम केले, तेच इथे कॅलेंडर करत होते. फरक इतकाच की इथली वेठ फरचे कोट घालून मोटारीतून फिरे, त्यामुळे तिची कीव कोणाला येत नसे.

अशाच करारात अडकलेल्या अभिनेत्री ऑलिव्हिया डी हॅव्हिलंड यांचा जन्म 1 जुलै 1916 रोजी टोकियोत इंग्रज आईबापांच्या पोटी झाला आणि बालपण कॅलिफोर्नियातल्या साराटोगा गावी गेले. मॅक्स राइनहार्ट यांच्या ‘अ मिडसमर नाइट्स ड्रीम’मुळे त्या विशीच्या आत ‘वॉर्नर ब्रदर्स’च्या हाती लागल्या. ‘कॅप्टन ब्लड’पासून एरॉल फ्लिनसोबत त्यांनी आठ चित्रपट केले, आणि त्यांतल्या बहुतेकांत त्यांचे काम तलवार परजणाऱ्या नायकाकडे कौतुकाने पाहत राहण्याचे होते. आपल्याला याहून अधिक येते, हे त्यांना लवकर कळले. मालकाला ते कळण्याची गरज नव्हती.

त्याच स्टुडिओतल्या बेटी डेव्हिस यांनी 1936 मध्ये बंड करून इंग्लंड गाठले. तिथल्या न्यायालयाने त्यांच्याविरुद्ध मनाई हुकूम दिला; बाई हुशार आहेत, पडद्यावर नाही तर दुसऱ्या एखाद्या उद्योगात पोट भरतील, असा त्यामागचा तर्क होता. योहाना वाग्नरचे भूत चौऱ्याऐंशी वर्षांनी पुन्हा साक्षीला उभे राहिले होते. पाठोपाठ 1939 मध्ये पुण्यात ‘प्रभात’च्या फाटकाशी शांता आपटे उपोषणाला बसल्या. ‘कुंकू’मध्ये जरठविवाहाला नकार देणारी नीरा ज्यांनी उभी केली, त्यांनाच कराराच्या तंट्यात न्यायालयाऐवजी फाटक निवडावे लागले, पुढच्याच वर्षी त्यांचे ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक आले. हॉलिवूडची वार्ता त्यांच्यापर्यंत पोचली होती की नाही, हा प्रश्न गौण आहे. कारखान्याची रचना सारखी असली की तंटेही सारखेच जन्मतात.

त्याच 1939 मध्ये डी हॅव्हिलंड यांनी ‘गॉन विथ द विंड’मध्ये मेलनी साकारली, तीही वॉर्नरकडून निर्माते सेल्झनिक यांना उसनी दिली गेलेली नटी म्हणून, आणि त्यासाठीही स्टुडिओचे मालक जॅक वॉर्नर यांच्या पत्नीकडे शब्द टाकावा लागला. सहायक अभिनेत्रीचे ऑस्कर त्यांना मिळाले नाही. ते हॅटी मॅक्डॅनियल यांना मिळाले, ज्यांना वर्णभेदामुळे अटलांटातल्या पहिल्या खेळाला जाता आले नव्हते. 1941 च्या चित्रपटांसाठीचा मुख्य अभिनेत्रीचा सन्मान धाकट्या बहिणीने, जोन फॉन्टेन यांनी, पटकावला. या दोघी बहिणींचे वैर वृत्तपत्रांनी सत्तर वर्षे चघळले. पुढे जे घडले त्याला मात्र बहुतेक चरित्रलेखांत एखादा परिच्छेद मिळतो.

5 मे 1943 रोजी डी हॅव्हिलंड यांच्या वॉर्नरसोबतच्या कराराची सात वर्षे संपली. स्टुडिओच्या हिशेबाने ती संपली नव्हती, कारण निलंबनाचे सुमारे 25 आठवडे शिल्लक होते. त्यांचे वकील मार्टिन गँग यांनी कॅलिफोर्नियाचे सात वर्षांच्या मर्यादेचे ते जुने कलम बाहेर काढले, आणि सारा वाद एका शब्दाच्या अर्थावर येऊन ठेपला: वर्ष म्हणजे काय? स्टुडिओचे म्हणणे, प्रत्यक्ष कामाचे दिवस मोजून होणारे वर्ष. डी हॅव्हिलंड यांचे म्हणणे, भिंतीवरच्या कॅलेंडरातले वर्ष. वॉर्नर यांनी इतर स्टुडिओंना पत्रे धाडून त्यांची दारे बंद केली, आणि दोनेक वर्षे त्या चित्रपटांवाचून राहिल्या. या काळात सैनिकी रुग्णालयांतून जखमींना भेटत फिरल्या. डिसेंबर 1944 मध्ये अपील न्यायालयाने कॅलेंडरच्या बाजूने कौल दिला, आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे, हे संरक्षण लोकहितासाठी असल्याने कामगाराने स्वतः सही करूनही ते सोडता येणार नाही असे बजावले. राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने फेरविचार नाकारला. ज्या कायद्याने हे साधले तो नवा नव्हता. डेव्हिस यांच्या बंडाच्या वेळीही तो पुस्तकात होताच.

मग 1946 आणि 1949 च्या चित्रपटांसाठी दोन ऑस्कर आले, ‘टू ईच हिज ओन’ आणि ‘द एअरेस’साठी. माझ्या मते खरी कमाई त्या दोहोंमधली, 1948 ची ‘द स्नेक पिट’: मनोरुग्णालयातल्या बाईची ती विस्कटलेली भूमिका जुन्या करारात त्यांच्या वाट्याला येणे कठीण होते. त्याच वर्षी अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ‘पॅरामाउंट’ खटल्याचा निर्णय दिला आणि स्टुडिओंना आपापल्या चित्रपटगृहांच्या साखळ्या सोडाव्या लागल्या. आता हा प्रश्न कायमचा निकालात निघाला असे त्या पिढीने मानले, जसे प्रत्येक पिढी मानते.

1987 मध्ये ध्वनिमुद्रिका कंपन्यांनी कॅलिफोर्नियाच्या विधिमंडळाकडून सवलत मिळवली: सात वर्षे कायम, पण गायकाने ठरलेले अल्बम दिले नसतील तर नुकसानभरपाईचा दावा लावता येईल. दिवसांऐवजी अल्बम मोजायचे, एवढाच बदल. 2008 मध्ये ‘थर्टी सेकंड्स टू मार्स’ या बँडने सात वर्षांच्या नियमाचा आधार घेतला, तेव्हा ‘ईएमआय’ने तीन कोटी डॉलरचा दावा ठोकला, शेवट समेटात आणि नव्या करारात झाला.

एकशे एकाव्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी, 30 जून 2017 रोजी, डी हॅव्हिलंड यांनी पुन्हा न्यायालय गाठले. ‘फ्यूड’ या मालिकेत आपल्याला न विचारता आपले पात्र उभे केले, ही तक्रार. या वेळी त्या हरल्या, आणि ते योग्यच झाले असे मी म्हणेन. हयात माणसाचे चित्रण त्याच्या परवानगीवर ठेवले तर इतिहासकाराचीही लेखणी अडेल. तरीही श्रमाची मुदत जिंकलेली बाई आपल्या प्रतिमेच्या मालकीपाशी अडली, हे नोंदवून ठेवायला हवे. 26 जुलै 2020 रोजी पॅरिसमध्ये, 104 व्या वर्षी, त्यांचे निधन झाले. बाराच दिवसांनी न्यूयॉर्कच्या न्यायालयाने ‘पॅरामाउंट’ खटल्यातून आलेले निर्बंध रद्द केले. महासाथीत चित्रपटगृहे बंद असताना त्याचा गाजावाजा कोण करणार?

2023 मध्ये अमेरिकन नटनट्यांनी 118 दिवस संप केला. भांडणाचे एक कलम असे होते की एक दिवसाची मजुरी देऊन देहाचे आणि चेहऱ्याचे स्कॅन घ्यायचे आणि ते पुढे वापरत राहायचे, ही भीती खरी ठरू नये. 2024 मध्ये कॅलिफोर्नियाने त्यावर कायदा केला. संगणकीय प्रतिकृती नटाच्या जागी कशासाठी वापरणार याचे पुरेसे स्पष्ट वर्णन करारात नसेल, आणि नटाच्या बाजूने वकील किंवा संघटनाही नसेल, तर ते कलम लागू होणार नाही, असे तो म्हणतो. वर्षांचा आकडा त्यात नाही.