जोखीम कोणाच्या शिरावर?

वैशाख सरत आला, आंब्याच्या शेवटच्या पेट्या रवाना झाल्या आणि राखणदार आपापल्या मुलखी परतले, म्हणजे आमच्या नाटे गावच्या पंचक्रोशीत दरवर्षी एकच प्रश्न ओट्याओट्यावर ऐकू येतो. पुढील साली बाग स्वतःकडे ठेवावी, की खंडाने देऊन मोकळे व्हावे? प्रश्न हिशेबाचा आहे असे समजून आपण त्याची बेरीज-वजाबाकी मांडीत बसतो. आमचे मत मात्र अलीकडे असे झाले आहे की, हा प्रश्न मुख्यतः धैर्याचा आहे. आणि ते मत आज आमच्या शेतकरी बंधूंपुढे, तसेच बागेचे सारे दप्तर ज्या घरोघरी सांभाळीत आहेत त्या भगिनींपुढे, मांडण्याचे योजिले आहे.

हापूसची बाग हा मुळातच जोखमीचा धंदा होय. आमच्या जमिनीचे स्वरूप वाचकांस ठाऊक आहेच. यशवंतगडाच्या बाजूने वर चढले की जांभ्याचा कातळ लागतो. पावसाळ्यात तीन हजार मिलिमीटरांहून अधिक पाणी त्याच्या अंगावरून समुद्रास मिळते आणि माघ उजाडला की त्याच कातळावर कळशीभर पाण्याची वाण पडते. अशा ठिकाणी पहारीने नाहीतर सुरुंगाने खड्डा फोडावयाचा, खालून माती आणून भरावयाची, गडगा घालावयाचा, दोन-तीन उन्हाळे हंड्याने पाणी घालून कलम जगवावयाचे आणि भरवशाच्या उत्पन्नासाठी सात-आठ वर्षे थांबावयाचे. दहा मीटर अंतराने लाविली तर हेक्टरी झाडे शंभर. पैकी मेलेल्या झाडांचे सांधे पुन्हा भरावे लागतात ते वेगळेच. इतके करूनही हापूस दरवर्षी सारखा धरत नाही, मोहोरावर अवकाळी पाऊस पडला की करपा येतो, आणि वरून निर्दोष दिसणाऱ्या फळात साका निघतो. १९९० साली रोजगार हमी योजनेशी फळबाग लागवड जोडली गेली तेव्हापासून कोकणातील वरकस जमिनीवर आंबा-काजूची लागवड झपाट्याने वाढली, हे सर्वश्रुत आहे. तथापि सरकारने खर्चाचा भार हलका केला. वाट पाहण्याची आठ वर्षे शेतकऱ्यानेच काढिली. ज्या माणसाने ती काढिली त्याला भित्रा म्हणण्याचा अधिकार कोणासही नाही.

मग नवल वाटते ते याचे की, आठ वर्षांची जोखीम हसत घेणारा हाच मनुष्य झाड फळावर आल्यावर एका हंगामाच्या जोखमीस का भितो? रोख रकमेकडे पाहून त्याचा जीव का विरघळतो?

याची कारणे आम्हांस परकी नाहीत. मुले मुंबईस चाकरीला, घरी दोन वृद्ध जीव. फवारणीस माणूस मिळत नाही. नेपाळहून येणाऱ्या मजुरांची वाट पाहावी लागते. औषधांचे भाव दर वर्षी चढतात, फुलकिडी त्यांस जुमानीत नाही, आणि वाशीच्या दलालाची पट्टी हाती येईपर्यंत आपल्या मालाचा भाव काय झाला हे कळत नाही. अशा वेळी कोणी दारी येऊन रोख रक्कम मोजू लागला तर हात पुढे होतो. आमचाही झाला होता. एका वाईट हंगामानंतर आम्ही बाग चार वर्षांच्या कराराने दिली आणि त्या रात्री स्वस्थ झोप लागली, हेही कबूल केले पाहिजे. पहिली दोन वर्षे झाडे लवकर मोहरली, गावाने कौतुक केले. तिसऱ्या वर्षी पालवी आखूड व गुच्छासारखी येऊ लागली. चौथ्या वर्षअखेर बाग परत हाती आली तेव्हा शेणखताची एक पाटीही कोणी आळ्यात टाकलेली नव्हती, आणि कल्टारची मात्रा मात्र कोणताही हिशेब न पाहता दर वर्षी ओतलेली होती. दापोलीच्या कृषी विद्यापीठाने हे औषध झाडाच्या विस्ताराचा व्यास मोजून, योग्य खताची जोड देऊन वापरावयास सांगितले आहे. पण ज्याला चार वर्षांनी जावयाचे आहे तो पाचव्या वर्षाची चिंता कशाला करील? करारदारास आम्ही दोष देत नाही. तो आपल्या कराराप्रमाणे वागला. करार आम्हीच केला होता, आणि तोही नीट न वाचता.

येथे खरा मुद्दा येतो. बाग खंडाने दिली म्हणजे जोखीम गेली, हा समज खोटा आहे. २०२१ च्या मे महिन्यात तौक्ते वादळ आमच्या किनाऱ्यालगतून गेले. उरलासुरला आंबा जमिनीवर आला आणि कित्येक ठिकाणी जुनी झाडे मुळांसकट आडवी झाली. त्या दिवशी करारदाराचा एक हंगाम बुडाला. मालकाचे झाड बुडाले, म्हणजे बापाची किंवा आज्याची आठ वर्षे आणि पुढील पन्नास हंगाम. लाभातील मोठा वाटा आपण दुसऱ्यास देतो, आणि सर्वांत मोठी जोखीम तरीही आपल्याच शिरावर राहते. हा व्यवहार सावधपणाचा म्हणावा काय?

खाली साखरी नाट्याच्या बंदरावर पाहावे. तेथील मच्छीमार रोज आपल्याहून मोठी जोखीम घेतो, परंतु आंधळेपणाने नव्हे. १ जून ते ३१ जुलै बंदीचा काळ तो जाळी विणण्यात घालवितो, वाऱ्याचा रंग पाहतो, आणि जो पैका समुद्रात जातो व जी मासळी परत येते त्यांचे वाटे आधीच ठरलेले असतात. होडी रिकामी आली तर ती सर्वांचीच रिकामी येते. धैर्य हा काही छातीत उपजत असणारा गुण आहे असे आम्हांस वाटत नाही. भार वाटून घेतला की ते बऱ्याच अंशी आपोआप येते.

आपल्या वाडवडिलांनी हेच केले. आज ज्या सातबाऱ्यावर आपण निर्धास्तपणे सही करतो त्याच्या मागे काय आहे, याचे स्मरण तरुण वाचकांस क्वचितच असते. अलिबाग तालुक्यातील चरी व आसपासच्या गावांतील कुळांनी १९३३ साली खोतांची जमीन कसण्याचे नाकारले. नारायण नागू पाटील हे त्यांचे पुढारी होते. तो संप १९३९ पर्यंत चालला. इतकी वर्षे नांगर न धरता, मोलमजुरी करून, उपास काढून ही माणसे टिकली. एकट्यादुकट्या कुळाने तसे केले असते तर त्याचे घर वर्षभरात उठले असते. १९३७ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मुंबईच्या कायदेमंडळात खोती नष्ट करण्याचे विधेयक आणिले, १९४९ साली खोती रद्द करणारा कायदा झाला आणि १ एप्रिल १९५७ हा कृषकदिन उजाडला. आमच्या वाचकांपैकी काहींचे आजे या झगड्यात एका बाजूस होते, काहींचे दुसऱ्या. ती जुनी भांडणे उकरण्याचा येथे हेतू नाही.

आता कोणी म्हणेल, बाजाराचे ज्ञान आम्हांस कोठून येणार? त्यास २०२० चा उन्हाळा हेच उत्तर आहे. टाळेबंदीने वाहतूक अडली, वाशीचा बाजार कधी चालू तर कधी बंद. झाडावर फळ तयार. ज्यांनी जन्मात दलालाखेरीज कोणास आंबा विकला नव्हता अशा कित्येक बागायतदारांनी त्या वर्षी मुंबई-पुण्याच्या वसाहतींतील लोकांस दूरध्वनीवरून पेट्या विकल्या. एस. टी. महामंडळाने त्याच मे महिन्यात मालवाहतूक आरंभिली तीही रत्नागिरीच्या आंब्यापासून. काही पेट्या कुजल्या, काही पैसे बुडाले. पण ग्राहकाचे नाव-गाव प्रथमच शेतकऱ्याच्या वहीत आले. हे धैर्य संकटाने गळी उतरविले, आपण होऊन कोणी घेतले नाही, हीच काय ती खंत. त्यानंतर वाहतूक सुरळीत झाली आणि पुष्कळांनी ती वही माळ्यावर टाकली.

आमच्या म्हणण्याचा विपर्यास होऊ नये. घर गहाण टाकून, लवकर मोहोराच्या एका पैजेवर सारे कर्ज उभारणाऱ्यास आम्ही धाडसी म्हणत नाही. तो जुगार आहे आणि त्याचे भोग बायकामुलांस भोगावे लागतात. फळपीक विमा जरूर उतरवावा, परंतु त्याची भरपाई आपल्या झाडाकडे पाहून नव्हे, मंडळातील हवामान केंद्राच्या नोंदीवरून ठरते, हे ध्यानात ठेवून. ज्यांच्या घरी खरोखरच करणारे कोणी नाही त्यांनी बाग खंडाने द्यावी. मात्र खत किती घालावयाचे, कल्टार कोणत्या मात्रेने व किती वर्षे, वाळलेल्या फांद्या कोणी छाटावयाच्या, हे करारात लिहून घ्यावे. आणि शंभर झाडे असतील तर वीस तरी स्वतःकडे राखावी. वीस झाडांचा हंगाम बुडाला तर घर बुडत नाही. साधला तर पुढील वर्षी चाळीस ठेवण्याची छाती होते.

आम्ही यंदा आमची बाग करारास दिलेली नाही. आळ्यांत शेणखत पडले आहे, कल्टारला दोन वर्षे रजा दिली आहे, आणि पीक कमी येणार हे गृहीत धरले आहे. शेजारच्या दोन बागायतदारांबरोबर एकच फवारणी यंत्र व एकच गाडी ठेवण्याचे ठरत आहे. खर्च व नुकसान झाडांच्या संख्येप्रमाणे वाटून घ्यावयाचे. या वाट्यात आणखी कोणास यावयाचे असेल तर त्यांनी दसऱ्यापूर्वी भेटावे, कारण मोहोर दिसू लागल्यावर भेटणाऱ्याशी हिशेब करावयास सवड राहणार नाही.