खेळ जुना, यंत्र नवे!

व्हिडिओ गेम असलेल्या घरात दर तीन-चार वर्षांनी एक वाद ठरलेला असतो. कंपनीने त्याच कन्सोलला ‘प्रो’ नाहीतर ‘टू’ अशी शेपटी लावून नवी आवृत्ती बाजारात आणलेली असते. मुलांचे म्हणणे, ‘‘आपले जुनेच गेम त्यावर कितीतरी छान चालतात!’’ वडिलांचा सवाल, ‘‘गेम तोच, डिस्क तीच, मग यंत्र बदलून काय सोने लागणार?’’ आणि आजीचा शेरा, ‘‘पातेले बदलले म्हणून आमटीची चव बदलते होय?’’

गंमत म्हणजे, या वादात तिघांचेही थोडेथोडे बरोबर असते. जुना गेम नव्या यंत्रावर खरोखरच सुधारतो. पण प्रत्येक गेम सुधारत नाही, आणि जो सुधारतो तोही एका ठराविक मर्यादेपर्यंतच. ही मर्यादा कोठे असते हे समजले, तर घरातला वाद मिटेल आणि कदाचित बरेच पैसेही वाचतील.

पंगत आणि वाढपी

टीव्हीच्या पडद्यावर गेम हलताना दिसतो, तेव्हा प्रत्यक्षात कन्सोल एकामागून एक स्थिर चित्रे काढत असतो. बहुतेक गेम सेकंदाला ३० किंवा ६० चित्रे दाखवण्याच्या हिशेबाने बनवलेले असतात. ३० चित्रे म्हणजे एका चित्राला साधारण ३३ मिलिसेकंद, आणि ६० म्हणजे जेमतेम १७ मिलिसेकंद. तेवढ्यात खेळाडू कोठे पोचला, शत्रू काय करतो आहे, सावली कोठे पडली, हे सारे ठरवून चित्र तयार व्हायला हवे.

लग्नाच्या पंगतीचे उदाहरण घ्या. वाढपी ठरलेल्या वेळेला स्वयंपाकघराच्या दाराशी येतो. पदार्थ तयार असला तर घेऊन जातो. नसला तर रिकाम्या हाताने परततो. टीव्हीचा पडदाही असाच शिस्तीचा वाढपी आहे. नवे चित्र वेळेवर तयार नसेल, तर तो जुनेच चित्र पुन्हा दाखवतो. असे दोन-चार वेळा झाले, की खेळणाऱ्याला गेम अडखळल्यासारखा वाटतो. गल्लीत एकटाच माणूस चालत असेल तेव्हा सारे सुरळीत, आणि चौकात गर्दी झाली की धापा! २०१४ साली आलेल्या ‘असॅसिन्स क्रीड युनिटी’ या गेममधले क्रांतिकाळातल्या पॅरिसचे रस्ते यासाठी बरेच बदनाम झाले होते.

आता स्वयंपाकघरात दोन आचारी वाढवले तर? पदार्थ तोच, कृती तीच. पण पाने वेळेवर वाढली जातात. नवा कन्सोल जुन्या गेमसाठी नेमके हेच करतो. ‘नाचता येईना, अंगण वाकडे’ असे आपण म्हणतो. इथे मात्र नाचणारा चांगला असतो आणि अंगण खरोखरच वाकडे असते.

अशक्तपणाचाही उपयोग

यंत्राच्या ताकदीचा खेळावर परिणाम होणे ही काही आजची गोष्ट नाही. जपानमध्ये १९७८ साली तोमोहिरो निशिकादो यांनी ‘स्पेस इन्व्हेडर्स’ हा गेम तयार केला. पडद्यावर परग्रहवासीयांच्या पाच रांगा, प्रत्येकीत अकरा जण. एवढ्या ५५ जणांना हलवताना त्या काळच्या प्रोसेसरची दमछाक होई, म्हणून सुरुवातीला ते संथपणे सरकत. जसजसे ते मारले जात, तसतसे यंत्राचे काम हलके होई आणि उरलेले झपझप खाली येत. निशिकादो यांनी हा दोष काढून टाकला नाही. शेवटी शेवटी वाढत जाणारा वेग हीच त्या खेळाची खरी चुरस ठरली.

याच्या उलट अडचण पुढे संगणकांवर आली. आयबीएमचा १९८१ सालचा पर्सनल कॉम्प्युटर ४.७७ मेगाहर्ट्‌झ गतीने चालत असे. काही गेम त्या गतीचाच ताल धरून लिहिलेले होते. नंतरच्या वेगवान संगणकांवर ते लावले, की मोटार सुरू होण्याआधीच भिंतीवर आदळे! त्यावर उपाय म्हणून संगणकाच्या पेटीवर ‘टर्बो’ नावाचे बटण आले. नाव टर्बो, पण त्याचा खरा उपयोग यंत्राचा वेग कमी करण्यासाठी होई. म्हणजे नुसती ताकद वाढवून भागत नाही. जुन्या गेमचा तालही सांभाळावा लागतो.

अर्धे यंत्र बंद!

हा धडा कन्सोल बनवणाऱ्यांनी चांगलाच लक्षात ठेवला. सोनीने २०१३ साली प्लेस्टेशन ४ आणला आणि नोव्हेंबर २०१६ मध्ये त्याचीच सशक्त आवृत्ती, प्लेस्टेशन ४ प्रो. मूळ प्रोसेसरची गती १.६ गिगाहर्ट्‌झ होती, ती प्रोमध्ये २.१ झाली, चित्रे काढणाऱ्या भागाची क्षमता तर दुपटीहून अधिक वाढली. परंतु प्रोसाठी खास सुधारणा न केलेला जुना गेम लावला, की हे यंत्र चित्रे काढणारा अर्धा भाग चक्क बंद ठेवी आणि जुन्याच गतीने चाले. गेम बिघडू नये म्हणून घेतलेली ही खबरदारी होती.

पुढे मार्च २०१७ मध्ये सोनीने ‘बूस्ट मोड’ ही सोय दिली. सेटिंगमध्ये जाऊन ती सुरू केली, की जुना गेमही नव्या गतीने चाले. कोठे बिघडलाच तर ती बंद करता येई. गर्दीत अडखळणारे अनेक गेम यामुळे सावरले, आणि तेही त्यांच्या मूळ आज्ञावलीतला एक शब्दही न बदलता.

मायक्रोसॉफ्टने फेब्रुवारी २०२१ मध्ये आणखी एक पाऊल टाकले. एक्सबॉक्स सिरीज एक्स आणि एस या यंत्रांवर निवडक जुन्या गेमना मूळच्या दुप्पट चित्रे काढायला लावणारी ‘एफपीएस बूस्ट’ ही सोय आली. ‘फार क्राय ४’ आणि ‘वॉच डॉग्ज २’ हे तिचे पहिले मानकरी.

कोणते गेम सुधारतात?

ढोबळमानाने तीन प्रकारचे गेम नव्या यंत्रावर फुलतात. पहिला, ज्याला वेगाची कमाल मर्यादा उंच ठेवली आहे, पण जुन्या यंत्राला ती गाठता येत नव्हती. दुसरा, जो काम वाढले की चित्राचा रेखीवपणा आपोआप कमी करतो. अशा गेमला ताकद मिळाली, की धूसर दिसणारे चित्र कायम स्वच्छ राहते. तिसरा, ज्याचा बराच वेळ ‘लोडिंग’मध्ये जातो. प्लेस्टेशन ४ मध्ये फिरत्या तबकडीची हार्ड डिस्क होती. प्लेस्टेशन ५ मधली एसएसडी सेकंदाला साडेपाच गिगाबाइट माहिती वाचू शकते. त्यामुळे जुन्या गेममधलेही ताटकळणे कमी होते.

उलट, ज्या गेमला बनवणाऱ्यांनीच ३० चित्रांचे कुलूप लावले आहे, तो कितीही दमदार यंत्रावर आपण होऊन ३० च्या पुढे जात नाही. २०१५ सालचा गाजलेला ‘ब्लडबोर्न’ प्लेस्टेशन ४ प्रोवरही ३० वरच थांबला, तो याच कारणाने. ‘द लास्ट गार्डियन’ची गोष्ट तर फारच मजेची. २०१६ साली डिस्कवर आलेल्या या गेमच्या पहिल्या आवृत्तीला असे कुलूप नव्हते. ते नंतरच्या सुधारणेत आले. त्यामुळे प्लेस्टेशन ५ वर ती डिस्क सुधारणा न घालता चालवली, तर गेम ६० चित्रांनी धावतो. सुधारणा घातली की पुन्हा ३०!

कुलूप काढायचे, तर मूळ निर्मात्यानेच किल्ली द्यावी लागते. निन्टेंडोच्या स्विचवर नोव्हेंबर २०२२ मध्ये आलेले ‘पोकेमॉन स्कार्लेट’ आणि ‘व्हायोलेट’ हे गेम इतके अडखळत, की कंपनीला खेळाडूंची क्षमा मागावी लागली. ५ जून २०२५ रोजी स्विच २ बाजारात आला, तेव्हा या दोन्ही गेमना मोफत सुधारणा मिळाली आणि ते ६० चित्रांनी चालू लागले. प्रत्येक किल्ली मात्र फुकट नसते. ‘झेल्डा’ मालिकेतल्या दोन गेमच्या अशाच सुधारणेसाठी अमेरिकेत प्रत्येकी जवळजवळ दहा डॉलर वेगळे मोजावे लागले.

खिशात हात घालण्यापूर्वी

तेव्हा ‘प्रो’चा हट्ट कानावर आला, की आधी घरातल्या गेमची यादी करावी. त्यातले मुले खरोखर खेळतात ते कोणते, आणि त्यांना नव्या यंत्रासाठी सुधारणा मिळाली आहे का, हे पाहावे. यादीतले बहुतेक गेम कुलूपबंद असतील, तर मोठ्या खर्चातून हाती फारसे लागणार नाही.

दुसरे, घरात डिस्क असतील तर नव्या यंत्राला डिस्क घालायला तोंड आहे ना, याची खात्री करावी. एक्सबॉक्स सिरीज एस आणि प्लेस्टेशन ५ ची डिजिटल आवृत्ती यांना डिस्क ड्राइव्ह नाही. नोव्हेंबर २०२४ मध्ये अमेरिकेत ७०० डॉलरना आलेल्या प्लेस्टेशन ५ प्रोलाही तो वेगळा विकत घ्यावा लागतो. (भारतात हा प्रो त्या वेळी आलाच नाही, त्यातले वायफाय ज्या ६ गिगाहर्ट्‌झच्या पट्ट्यावर चालते, तो तेव्हा इथे खुला नव्हता.) वर्षानुवर्षे वाढदिवसाला आणि परीक्षेच्या निकालाला घेतलेल्या डिस्कचा गठ्ठा घरात, आणि यंत्राला तोंडच नाही, असे व्हायला नको!

तिसरे, टीव्ही. सेकंदाला ६० चित्रे दाखवणाऱ्या टीव्हीला १२० चित्रे देणारा कन्सोल जोडून उपयोग नाही. जेवणारा एक आणि पाने दोन, असा तो प्रकार.

चौथे, जुन्या यंत्रातही थोडा जीव भरता येतो. प्लेस्टेशन ४ ची हार्ड डिस्क घरच्या घरी काढून त्या जागी एसएसडी बसवता येते. चित्रांचा वेग त्याने वाढणार नाही, पण लोडिंगचा वेळ बराच वाचेल, आणि खर्चही नव्या यंत्राच्या मानाने किरकोळ.

हे सारे पाहूनही नवे यंत्र घ्यायचे ठरले, तर ते आनंदाने घ्यावे. फक्त जुने विकण्यापूर्वी मुलांनी ‘सेव्ह’ करून ठेवलेले खेळ नव्या यंत्रात उतरवून घ्यायला विसरू नये. गेम बाजारात पुन्हा मिळेल. पण शंभर तास झुंजून गाठलेला शेवटचा टप्पा कोणत्याही दुकानात मिळत नाही.