जनुकांना हात न लावता

शरीरातील प्रत्येक पेशीचे काम ठरलेले असते. त्वचेची पेशी त्वचाच घडविते, हृदयाची पेशी आयुष्यभर धडधडत राहते. एकदा व्यवसाय पत्करला की पेशी तो सोडत नाही, अशीच विज्ञानाची दीर्घकाळ समजूत होती. ही समजूत मोडण्याच्या कामी जनुकशास्त्रज्ञांच्या जोडीला एक रसायनशास्त्रज्ञही पुढे आला. त्यांचे नाव डॉ. शेंग डिंग.

चीनमधून अमेरिकेत आलेल्या डिंग यांनी १९९९ मध्ये कॅलिफोर्निया इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीची रसायनशास्त्रातील पदवी घेतली आणि २००३ मध्ये स्क्रिप्स संशोधन संस्थेतून डॉक्टरेट मिळविली. तेथे त्यांचे गुरू होते पीटर शुल्ट्झ. हजारो लहान संयुगे तयार करून ती पेशींवर एकेक करून पारखावयाची, आणि पेशीचे वर्तन बदलणारे संयुग हाती लागेपर्यंत थांबावयाचे नाही, ही त्या प्रयोगशाळेची रीत होती. याच रीतीने ‘रिव्हर्साइन’ हे संयुग हाती आले. २००४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या शोधाने दाखवून दिले की, स्नायू होऊ घातलेली उंदराची पेशी एका रसायनाच्या प्रभावाने मागे वळते आणि तिच्यापासून हाड किंवा चरबीची पेशीही घडू शकते.

या शोधाचे मोल कळण्यासाठी त्या काळची अडचण ध्यानी घेतली पाहिजे. कोणतेही अवयव घडविण्याची क्षमता असलेल्या मानवी मूलपेशी १९९८ मध्ये प्रथम मिळाल्या, त्या भ्रूणापासून. त्यासाठी भ्रूण नष्ट करावा लागे आणि अनेकांच्या सदसद्विवेकाला ते मानवत नव्हते. जपानचे शिन्या यामानाका यांनी २००६ मध्ये त्यावर तोड काढली. उंदराच्या त्वचेच्या पेशीत चार जनुके घालून त्यांनी तिला मूलपेशीची अवस्था परत मिळवून दिली; पुढच्याच वर्षी मानवी पेशींवरही हा प्रयोग साधला. २०१२ च्या नोबेल पारितोषिकात त्यांचा वाटा होता. परंतु बाहेरून घातलेली जनुके पेशीच्या मूळ जनुकसंचात कायमची रुतून बसतात, आणि त्या चारांपैकी एकाचा कर्करोगाशी संबंध आहे. प्रयोगशाळेत हा धोका पत्करता येतो, रुग्णाच्या शरीरात नाही.

येथेच डिंग यांची दृष्टी वेगळी ठरते. रसायनाची मात्रा मोजता येते, ते ठरावीक दिवस देता येते आणि काम झाल्यावर धुऊन काढता येते. मागे काही उरत नाही. २००९ मध्ये त्यांच्या गटाने जनुकांऐवजी प्रथिने वापरून उंदराच्या मूलपेशी तयार केल्या. २०११ मध्ये ते सॅन फ्रान्सिस्कोच्या ग्लॅडस्टोन संस्थेत गेले. २०१६ मध्ये तेथून जाहीर झालेल्या प्रयोगात नऊ रसायनांच्या मिश्रणाने मानवी त्वचेच्या पेशींपासून हृदयपेशी घडविण्यात आल्या. अशा रीतीने घडलेल्या पेशींपैकी ९७ टक्क्यांहून अधिक पेशी आकुंचन-प्रसरण पावू लागल्या. पुढे बीजिंगच्या त्सिंगुआ विद्यापीठातील औषधनिर्माणशास्त्र विभागाची धुराही त्यांनी वाहिली.

त्याच शहरातील पेकिंग विद्यापीठाचे होंगक्वी डेंग यांनी ही वाट आणखी पुढे नेली. २०१३ मध्ये त्यांनी केवळ सात रसायनांनी उंदराच्या सामान्य पेशींच्या मूलपेशी केल्या. त्या सातांपैकी एकाचा, फोर्स्कोलिनचा, धागा आपल्याकडे पोहोचतो. आपल्या देशात वाढणाऱ्या कोलियस वनस्पतीच्या मुळापासून हे द्रव्य १९७० च्या दशकात मुंबईच्या होएक्स्ट संशोधन केंद्रात वेगळे करण्यात आले होते. मानवी पेशींत हे यश येण्यास २०२२ उजाडले. २०२४ मध्ये वृत्त प्रसिद्ध झाले की, टाइप १ मधुमेह असलेल्या एका तरुणीच्या स्वतःच्या पेशींपासून या पद्धतीने इन्सुलिन निर्माण करणाऱ्या पेशी घडवून तिच्या पोटाच्या स्नायूंच्या आवरणाखाली सोडण्यात आल्या, आणि ७५ दिवसांनंतर तिला बाहेरून इन्सुलिन घेण्याची गरज उरली नाही.

ज्या घरात लहान मुलाला रोज सुई टोचावी लागते, त्या घराला या वार्तेचे मोल सांगावे लागत नाही. म्हणूनच तिची मर्यादाही स्पष्ट असावी. हा एका रुग्णाचा अनुभव आहे. यकृतरोपणामुळे ती आधीपासूनच प्रतिकारशक्ती दाबणारी औषधे घेत होती. त्या औषधांवाचून या पेशी टिकतील काय, याचे उत्तर तिच्या उदाहरणातून मिळत नाही. अशा वार्तांचा आधार घेऊन मधुमेह, संधिवात, पक्षाघात अशा अनेक व्याधींवर ‘मूलपेशी उपचार’ विकणारी दुकाने मात्र निघतात. भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या २०१७ च्या मार्गदर्शक तत्त्वांनुसार, रक्ताच्या काही विकारांवरील अस्थिमज्जारोपणासारखे मान्य उपचार वगळता मूलपेशींचा वापर केवळ परवानगी असलेल्या वैद्यकीय चाचणीतच करता येतो. तेव्हा कोणी असा उपचार सुचविला, तर ती चाचणी देशाच्या वैद्यकीय चाचणी नोंदवहीत आहे काय, हे आधी विचारावे. नोंदणी क्रमांक मिळाल्यावाचून पैशाची थैली उघडू नये.

एका संयुगापासून एका रुग्णापर्यंत पोहोचण्यास या विद्येला वीस वर्षे लागली. त्या वीस वर्षांत हजारो संयुगे निरुपयोगी ठरली आणि त्या प्रत्येकाची नोंद ठेवली गेली. रोगमुक्तीची आशा धरणाऱ्याने भरवसा ठेवावा तो अशा नोंदींवर, जाहिरातींवर नव्हे.