नांदायला येण्याची नोटीस आली तर



मुलगी माहेरी येऊन काही महिने झालेले असतात आणि एक दिवस कोर्टाचा बेलीफ दारात कागद घेऊन उभा राहतो. बायको नांदायला येत नाही, म्हणून नवऱ्याने दावा लावलेला असतो. घरात घबराट उडते. आता पोलीस येऊन पोरीला घेऊन जाणार, असे कोणीतरी सांगते. बाप म्हणतो, "जा बाई मुकाट्याने, कोर्टाशी वैर नको." म्हणून या नोटिशीचा खरा अर्थ समजून घेऊ.

हा दावा 1955 च्या हिंदू विवाह कायद्याच्या कलम 9 खाली असतो. सबळ कारण नसताना जोडीदार सोडून गेला, तर नवरा किंवा बायको, कोणीही तो लावू शकते. कोर्टाने 'नांदायला जा' असा हुकूम केला, तरी सज्ञान माणसाला हात धरून त्या घरात नेऊन बसवता येत नाही. हुकूम पाळला नाही, तर फार तर तिच्या नावावरच्या मालमत्तेवर जप्ती येऊ शकते. तुरुंग नाही.

पूर्वी तुरुंग होता. रखमाबाईंचे लग्न अकराव्या वर्षी झाले होते. त्या नांदायला जाईनात, म्हणून नवऱ्याने 1884 मध्ये मुंबई हायकोर्टात दावा लावला. 1887 मध्ये हुकूम झाला की नांदायला जा, नाहीतर सहा महिने कैद. रखमाबाई म्हणाल्या, मी कैद भोगीन. 1888 मध्ये दोन हजार रुपयांवर तडजोड झाली. पुढे त्या विलायतेत शिकून डॉक्टर झाल्या. ही कैदेची तरतूद 1923 मध्ये कायद्यातून गेली.

1983 मध्ये आंध्र प्रदेश हायकोर्टाने कलम 9 घटनेविरुद्ध ठरवले होते. नको असलेल्या सहवासाची सक्ती म्हणजे माणसाच्या खाजगी आयुष्यावर घाला, असे त्या कोर्टाचे मत होते. 1984 मध्ये सुप्रीम कोर्टाने मात्र कलम कायम ठेवले. म्हणून नोटीस आली की घाबरू नका, पण ती चुलीतही घालू नका. तारखेला हजर राहिले नाही, तर एकतर्फी निकाल लागतो. आणि हुकमानंतर वर्षभर दोघे एकत्र आले नाहीत, तर दोघांपैकी कोणीही घटस्फोट मागू शकते.

घर सोडण्याचे कारण सोडणाऱ्यानेच शाबीत करावे लागते. मारहाण झाली असेल, तर दवाखान्याचे कागद व पोलिसांत दिलेल्या अर्जाची नक्कल जपून ठेवा. वकिलाला पैसे नसतील, तर तालुक्याच्या कोर्टातील विधी सेवा समितीकडे जा. स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. हुकूम विरुद्ध गेला, तरी तेवढ्यावरून पोटगी बुडत नाही, असे सुप्रीम कोर्टाने जानेवारी 2025 मध्ये सांगितले आहे.

एकत्र राहणे जमतच नसेल, तर दोन वाटा आहेत. कलम 10 खाली कोर्टाकडून वेगळे राहण्याचा हुकूम मिळतो. लग्न कायम राहते, पण एकत्र राहण्याचे बंधन उरत नाही. दुसरी वाट परस्पर संमतीच्या घटस्फोटाची. त्यासाठी किमान वर्षभर वेगळे राहिलेले असावे लागते. अर्जानंतर सहा महिने थांबावे लागते, ते योग्य प्रकरणात कोर्ट माफ करू शकते. हुकूम होईपर्यंत संमती मागे घेता येते. स्टँप पेपरवरची सोडचिठ्ठी मात्र सहसा कोर्टात टिकत नाही. ज्या जातीत तशी रूढी आहे, तिथे ती रूढी शाबीत करावी लागते.

भाऊबंदांनी बैठक घालावी, समजूत काढावी. मोडता संसार सावरला तर आनंदच आहे. पण जायचे की नाही, हे ज्याला तिथे दिवस काढायचे आहेत त्यानेच ठरवायचे असते. सज्ञान लेकीच्या कागदावर बापाची सही चालत नाही. तिला आधी विचारा, मग वकिलाकडे चला.