फ्रीजर कुणाच्या भरवशावर?

मा. संचालक, प्रयोगशाळाप्रमुख आणि संशोधनाचा निधी मंजूर करणारे अधिकारी यांस,



गेली अठरा वर्षं मी जनुकीय संशोधनात तंत्रज्ञ म्हणून काम करते. सिकलसेलच्या अभ्यासासाठी नंदुरबार जिल्ह्यातल्या पाड्यांवर रक्त घ्यायला गेले होते. हाताला कापूस दाबून धरलेल्या एका आजीबाईंनी विचारलं, हे रक्त किती दिवस ठेवणार? जपून ठेवू, आजी, असं मी सांगितलं. जांभळ्या बुचाच्या त्या नळीवर मीच नंबर घातला होता.

पुढे मे महिन्यातल्या एका शनिवारी रात्री वीज गेली. जनरेटर लागला, पण उणे 80 अंशांच्या फ्रीजरचा कॉम्प्रेसर ट्रिप झालेला. अलार्म वाजत राहिला. इमारतीत होता एकटा वॉचमन आणि त्याच्याकडे कुणाचाच फोन नंबर नव्हता. सोमवारी दार उघडलं तर खालच्या कप्प्यात पाणी, खोके ओले, चिकटवलेली लेबलं तळाशी गळून पडलेली. आरएनए गेलाच. डीएनए बऱ्याच नळ्यांमध्ये वाचला, पण 41 नळ्या कुणाच्या ते आजही कळलेलं नाही.

मला त्याहून जास्त लागलं ते पुढचं. फ्रीजर दुरुस्त झाला, नळ्या पुन्हा गोठल्या आणि नमुने वितळले होते याची नोंद करायला मला बंदी झाली. वाया गेलेला नमुना निदान टाकून देता येतो. वितळून पुन्हा गोठलेला नमुना मात्र चांगल्यासारखाच दिसतो, आणि पाच वर्षांनी कुणीतरी त्यावरून निष्कर्ष काढतं.

हे फक्त आपल्याकडेच घडतं असं नाही. डिसेंबर 2023 मध्ये, नाताळच्या तोंडावर, स्टॉकहोमच्या कॅरोलिन्स्का संस्थेत द्रवरूप नायट्रोजनचा पुरवठा बंद पडला आणि अनेक वर्षं जमवलेले नमुने गेले. जीनोम इंडिया प्रकल्पाने देशभरातल्या लोकांचं रक्त बंगळुरूच्या एका जैवपेढीत एकत्र ठेवलं, याचा मला मनापासून आनंद आहे. पण जिल्ह्याजिल्ह्यांतून गोळा झालेले कितीतरी नमुने आजही छोट्या प्रयोगशाळांत आहेत. तीन वर्षांचा प्रकल्प संपला की कंत्राटी माणूस जातो, आणि कुठल्या खोक्यात काय आहे हे त्याच्याबरोबरच जातं.

संमतीपत्राचंही तसंच. ते कपाटात, नळी फ्रीजरमध्ये, दोघांची गाठ कधी पडत नाही. अमेरिकेतल्या हावासुपाई लोकांनी मधुमेहाच्या अभ्यासासाठी म्हणून रक्त दिलं होतं. ते स्किझोफ्रेनियाच्या आणि पूर्वजांच्या स्थलांतराच्या अभ्यासालाही वापरलं गेलं. 2010 मध्ये अ‍ॅरिझोनातल्या विद्यापीठाला तडजोड करून उरलेले नमुने परत द्यावे लागले. रक्त कशासाठी दिलंय, हे नळीच्या बारकोडवरूनच कळलं पाहिजे.

माझं मागणं मोठं नाही. नमुने सांभाळणाऱ्या माणसाचं कायम पद निर्माण करा. अलार्म लागला की त्याच्या मोबाइलवर कळू द्या. राखीव फ्रीजर रिकामाच ठेवा, त्यात बाटल्या भरू नका. आणि नमुना किती वेळा वितळला हे लिहिणाऱ्याला शिक्षा करू नका.

येत्या उन्हाळ्यात मी पुन्हा त्या पाड्यावर जाणार आहे. त्या 41 नळ्यांत आजींची नळी आहे की नाही, हे मला अजून माहीत नाही.

आपली,
एक प्रयोगशाळा तंत्रज्ञ